अस्त्र आवरण्याची विद्या

संपादकांनी यंदाच्या अंकासाठी ‘गुरू’ हा विषय मुक्रर केला, तेव्हा त्यांच्या नजरेसमोर गायकीतील घराणी, तालमीतील वस्ताद, किंवा फार झाले तर एखाद्या दुर्गम खेड्यातला निष्ठावंत मास्तर असावा. अमेरिकन सुपरहिरोंच्या चित्रपटांत जे काका, प्राध्यापक आणि मठाधिपती येतात त्यांच्यावर लिहू का, असे मी विचारले, तेव्हा आलेल्या होकारात उत्साहापेक्षा सौजन्यच अधिक होते. तथापि होकार तो होकार. हे चित्रपट ज्या वाटेने आपल्या प्रेक्षकांपर्यंत पोहोचतात त्या वाटेवरचा एक टप्पा मुंबईतच आहे, आणि तो पाहिल्यावाचून लेखणी उचलायची नाही असे ठरवून मी प्रथम अंधेरीला गेलो.

मोटारदुरुस्तीची गॅरेजे आणि फर्निचरची गोदामे ह्यांच्यामध्ये दडलेल्या एका इमारतीत ध्वनिमुद्रणाची ती खोली आहे. भिंतींना जाड पडदे, एका बाजूस दुहेरी काच, काचेपलीकडे डबिंगच्या दिग्दर्शिका आणि ध्वनिमुद्रक, आणि काचेअलीकडे कानांवर हेडफोन चढवून उभे असलेले एक वयोवृद्ध नट, ज्यांची उमेदीची वर्षे मराठी रंगभूमीवर गेली आणि उतारवय परदेशी म्हाताऱ्यांना हिंदी वाचा देण्यात चालले आहे. समोरच्या पडद्यावरचे चित्र जवळजवळ सगळे काळे केलेले होते. बोलणाऱ्या पात्राचा चेहरा तेवढा उघडा, आणि त्याच्यावरूनही मालकीची खूण आडवी गेलेली. चित्रपट लागण्यापूर्वी फुटू नये म्हणून हा बंदोबस्त असतो, आणि त्यामुळे गुरूला आवाज देणाऱ्या माणसाला शिष्य कोण, तो कोठे उभा आहे, गुरूच्या पाठीमागे पर्वत आहे की न्हाणीघर, ह्यांपैकी कशाचाच पत्ता नसतो. चित्रपटाचे नाव बाहेर सांगणार नाही असा करारनामा त्यांनी लिहून दिलेला होता. सबब मीही ते विचारले नाही.

काम चालते ते एकेका वाक्याने. मूळ इंग्रजी वाक्य कानात पडते, त्याची लांबी, त्यातले थांबे आणि सुस्कारे मनात भरून घ्यायचे, आणि लगेच हिंदी वाक्य त्याच मापात बसवायचे. पडद्यावरचे ओठ जेथे मिटतात तेथे आपल्या वाक्यातही प, ब किंवा म पडला तर उत्तम, न पडला तर शब्द फिरवायचा. एका वाक्यावर गाडी बराच वेळ अडली होती. शेवटी काचेपलीकडून सूचना आली, “काका, प्रवचन होतंय. थोडं घरातलं बोला.” काकांनी मान डोलावली, पाण्याचा घोट घेतला आणि तेच वाक्य पुन्हा म्हटले, तेव्हा त्यातला उपदेश गळून नुसती काळजी उरली होती.

चहाच्या वेळी ते म्हणाले, “गुरूचं काम आलं की मी आधी विचारतो, हा मरतो कधी. शेवटच्या वाक्यासाठी दम राखून ठेवावा लागतो.” मग बशीत चहा ओतत, अगदी सहज, त्यांनी आपल्या अनुभवाचे सार सांगितले: “बाकी बोलणं फिरून फिरून तेच. पोराला थांबवायचं. अजून नको, इतकं नको, असं नको.” पुढे मी जे जे चित्रपट नव्याने पाहिले ते ह्या तीन नकारांचा कानोसा घेत पाहिले.

बळ आधी, शिक्षण मागाहून

आपल्या पुराणकथांतून शिष्य गुरूकडे जातो तो रिकाम्या हातांनी, आणि विद्या घेऊन परततो. ह्या चित्रपटांत बहुधा उलटा प्रकार असतो. कोळी चावतो, प्रयोगशाळेत काही तरी उलटते, किंवा रक्तातच काही वेगळे असते. गुरू भेटतो तो बळ अंगात शिरून चुकल्यावर. देण्यासारखे त्याच्यापाशी फारसे उरलेले नसते. आलेले बळ कोठे वापरू नये, एवढाच त्याच्या अध्यापनाचा विषय.

स्पायडरमॅनचा बेन काका ह्याचा आद्य दाखला. ऑगस्ट १९६२ च्या ‘अमेझिंग फँटसी’च्या पंधराव्या अंकात स्टॅन ली आणि स्टीव्ह डिटको ह्यांनी ही कथा प्रथम मांडली, तेव्हा मोठ्या सामर्थ्याबरोबर मोठी जबाबदारी येते हे सुप्रसिद्ध वचन काकाच्या तोंडी नव्हतेच, अखेरच्या चौकटीत ते निवेदकाने म्हटले होते. पुढे ते काकाच्या नावावर चढले, आणि २००२ साली सॅम रेमींच्या चित्रपटात क्लिफ रॉबर्टसन ह्यांनी ते उच्चारल्यावर तर त्याची सुभाषितात गणना होऊ लागली. परंतु ते कोणत्या परिस्थितीत उच्चारले गेले हे सुभाषित म्हणून वापरणाऱ्यांच्या ध्यानात राहत नाही. वाचनालयात जातो अशी थाप मारून पैशासाठी कुस्ती लढायला निघालेल्या पुतण्याला, पीटरला, काका मोटारीने सोडायला आला आहे. मोटार रस्त्याच्या कडेला थांबली आहे, पोराचे लक्ष दाराच्या मुठीकडे आहे, आणि हा नोकरी गेलेला कामगार अडखळत, विषयाला वळसा घालत, शेवटी मुद्द्यावर येतो. पोरगा उत्तर देतो की तुम्ही माझे वडील नाही, तेव्हा वडिलांचा आव आणू नका. वचन तेथेच वाया जाते. पुढे ज्याने फसवले त्या कुस्तीवाल्याचीच लूट होत आहे म्हणून पीटर चोराला वाट मोकळी करून देतो, त्या चोराच्या हातून काका मरतो, आणि मग कोठे ते मोटारीतले बोलणे पोराच्या कानात शिरते. शिकवणे आणि शिकणे ह्यांच्यामध्ये एका माणसाचा जीव जावा लागतो, ही ह्या कथेची क्रूर अट आहे, आणि नंतरच्या असंख्य चित्रपटांनी ती डोळे मिटून पाळली. सगळ्याच वेळी तिची गरज होती असे मला वाटत नाही. गुरूला मारून शिष्याला मोठा करणे हा पटकथाकाराचा आळसही असू शकतो.

२०१७ च्या ‘स्पायडरमॅन: होमकमिंग’मध्ये जॉन वॉट्स ह्यांनी हा पायंडा मोडला. काकाचा मृत्यू तेथे दाखवलेलाच नाही, आणि त्याच्या जागी उभा आहे टोनी स्टार्क, म्हणजे रॉबर्ट डाउनी ज्युनियर: श्रीमंत, बडबड्या, स्वतः कधी कोणाचे न ऐकलेला. तो पोराला अद्ययावत पोशाख देतो, पण लहान मुलांच्या सायकलीला आधाराची चाके लावावीत तशी त्यातली बरीचशी शस्त्रे कुलूपबंद ठेवून. पोरगा मित्राच्या मदतीने कुलूप तोडतो, स्टेटन आयलंडच्या प्रवासी नौकेवर तस्करांच्या मागे जातो, आणि झटापटीत ती नौका उभी चिरली जाते. माणसे वाचतात ती स्टार्क वेळेवर आल्यामुळे. त्यानंतर एका छपरावर जो प्रसंग घडतो तो मला ह्या साऱ्या चित्रपटसृष्टीतल्या अध्यापनाचा उत्तम नमुना वाटतो: स्टार्क पोशाख जप्त करतो, आणि पोशाखावाचून मी कोणीच नाही असे पोरगा काकुळतीने म्हणतो तेव्हा, तसे असेल तर तो तुझ्यापाशी असताच कामा नये, असे उत्तर देतो. पुढे स्वतः शिवलेल्या जुन्या कपड्यांत ढिगाऱ्याखाली सापडलेला तो मुलगा आधी मदतीसाठी रडतो. मग खाली साचलेल्या पाण्यात त्याला आपला अर्धा चेहरा आणि अर्धा मुखवटा एकत्र दिसतो, आणि तो स्वतःच्या पाठीवर सिमेंटचा ढीग उचलतो. गुरू त्या वेळी तेथे नसतो.

नवी विद्या देण्याआधी तिचा परतीचा मार्ग शिकवावा, ही चिंता आपल्याला परकी नाही. महाभारताच्या सौप्तिकपर्वात ब्रह्मशिर अस्त्राची जी कथा आहे तीत द्रोणाचार्य ते अर्जुनाला आपण होऊन देतात, आणि अश्वत्थाम्याला मात्र, मुलाच्या चंचल स्वभावाची जाण असूनही, त्याच्या हट्टापायी, नाखुशीने, मनुष्यांवर कधीही सोडू नको अशी ताकीद देऊन. अस्त्रे दोघांनीही सोडली. ऋषींनी सांगितल्यावर अर्जुनाला आपले अस्त्र मागे घेता आले, अश्वत्थाम्याला आले नाही. सोडण्याच्या बाबतीत दोघे शिष्य तुल्यबळ होते. अंतर होते ते उपसंहारात.

वेस्टचेस्टरची शाळा

हा उपसंहारच ज्या संस्थेचा संपूर्ण अभ्यासक्रम आहे ती म्हणजे न्यूयॉर्क राज्यातल्या वेस्टचेस्टरची प्राध्यापक चार्ल्स झेवियर ह्यांची शाळा. १९६३ साली स्टॅन ली आणि जॅक कर्बी ह्यांनी ती कागदावर स्थापन केली; २००० सालच्या ब्रायन सिंगर ह्यांच्या ‘एक्स-मेन’मध्ये पॅट्रिक स्ट्युअर्ट चाकांच्या खुर्चीत बसून तिचे प्रमुख झाले. येथे येणाऱ्या मुलांची शक्ती वयात येताना आपोआप प्रकटलेली असते, आणि बहुतेकांना ती शाप वाटते. एका मुलीने पहिल्यांदा मुलाचे चुंबन घेतले आणि तो बेशुद्ध पडला, कारण तिचा स्पर्शच दुसऱ्याची प्राणशक्ती ओढून घेतो. ती कायम हातमोजे घालून वावरते. दुसऱ्याच्या डोळ्यांतून विध्वंसक किरण सुटतात, म्हणून लाल स्फटिकाचा चष्मा त्याला झोपेतही उतरवता येत नाही. असल्या मुलांना ही शाळा पराक्रम शिकवत नाही. पंगतीत बसून कोणाला इजा न करता जेवता यावे, हे तिचे पहिले उद्दिष्ट.

मॅथ्यू व्हॉन ह्यांच्या २०११ च्या ‘एक्स-मेन: फर्स्ट क्लास’मध्ये तरुण झेवियर आपल्या मित्राला, एरिकला, शिकवतो तो प्रसंग जवळून पाहण्याजोगा आहे. एरिकला धातू हलवता येतो, पण तो केवळ संतापाच्या भरात. दूरवर दिसणारी उपग्रहसंपर्काची अजस्र तबकडी वळव, असे झेवियर सांगतो, आणि एरिक दातओठ खाऊन थकतो. तेव्हा झेवियर, आधी परवानगी मागून, त्याच्या मनात उतरतो, आणि तेथून यातनाशिबिराच्या आधीची एक विसरलेली आठवण वर काढतो: आई, लहान एरिक, सणाच्या मेणबत्त्या. दोघांच्याही डोळ्यांत पाणी येते, आणि तबकडी कुरकुरत वळते. संताप आणि शांती ह्यांच्यामधल्या एका बिंदूवर खरी एकाग्रता असते, असे झेवियर त्याला सांगतो. ह्या शिष्याने पुढे तो बिंदू सोडला आणि तो मॅग्नेटो झाला, हे सर्वश्रुत आहे.

परवानगी मागून, असे मी मुद्दाम लिहिले. ज्याला दुसऱ्याचे मन वाचता येते आणि बदलताही येते, त्या शिक्षकाला स्वतःचे अस्त्र आवरणे सर्वांत कठीण. २००६ च्या ‘द लास्ट स्टँड’मध्ये उघडकीस येते की जीन ग्रे ही मुलगी लहान असताना तिची शक्ती फार भयानक वाटल्यामुळे झेवियरने तिच्याच मनात तिच्या नकळत बांध घातले होते, शिकवण्याऐवजी त्याने कुलूप लावले. बांध फुटले तेव्हा तिने गुरूचा देह कणाकणांनी उधळून दिला. चित्रपट म्हणून ती कृती सामान्य आहे, पण गुरूच्या अपराधाची ही कैफियत तिच्यात आहे, म्हणून ती मी अव्हेरत नाही.

ह्या मालिकेतली श्रेष्ठ कृती मात्र जेम्स मँगोल्ड ह्यांची ‘लोगन’. २०१७ चा चित्रपट, कथेतले साल २०२९; शाळा बंद, विद्यार्थी उरलेले नाहीत, आणि नव्वदी ओलांडलेला झेवियर मेक्सिकोच्या सीमेपलीकडच्या एका ओसाड कारखान्याजवळ, आडव्या पडलेल्या गंजक्या पाण्याच्या टाकीत, औषधांच्या गुंगीत दिवस कंठतो आहे. त्याच्या मेंदूला विकार जडला आहे. झटका आला की आसपासची सर्व माणसे जागच्या जागी थिजतात आणि गुदमरू लागतात. असाच एक झटका वेस्टचेस्टरला आला होता, आणि त्यात त्याची स्वतःचीच माणसे गेली. ज्याने आयुष्यभर इतरांना आवरायला शिकवले त्याचे अस्त्र आता त्याच्या हाती राहिलेले नाही. गोळ्या देणारा, शौचाला उचलून नेणारा, शिव्या खाणारा आणि देणारा लोगन हा त्याचा सर्वांत उनाड शिष्य. एका शेतकरी कुटुंबात त्या दोघांना जेवायला बसवले जाते, आणि शाळेच्या गोष्टी निघतात. म्हातारा खुशीत येतो, टोमणे मारतो, आणि ह्या दोघांना आपण आजवर असे साधे बसलेले पाहिलेच नव्हते हे प्रेक्षकाच्या ध्यानी येते. त्याच रात्री अंथरुणावर त्याला वेस्टचेस्टरचे आठवते. आपण लोगनला सांगतो आहोत अशा समजुतीने तो कबुली देतो, पण अंधारात समोर उभा असतो तो लोगनच्या रक्तापासून बनवलेला तोतया, आणि त्याच्याच नख्या म्हाताऱ्याच्या छातीत जातात. शेवटच्या वाक्यासाठी दम राखून ठेवण्याची सोय ह्या गुरूला मिळत नाही.

पाटणला दार शोधणारे

पाश्चात्त्य चित्रपटांना गुरू हवा असला की त्यांची नजर हिमालयाकडे वळते. क्रिस्टोफर नोलन ह्यांच्या ‘बॅटमॅन बिगिन्स’मध्ये (२००५) असाच एक बर्फातला मठ आहे, चित्रण आइसलंडच्या हिमनदीवरचे. तेथे लियम नीसन ब्रूस वेनला तलवार शिकवतो. गोठलेल्या तळ्यावर शिष्य गुरूच्या गळ्याशी पाते टेकवून जिंकलो म्हणतो, गुरू शांतपणे त्याच्या पायांखालचे पातळ बर्फ फोडतो, आणि शिष्य पाण्यात. पायाखाली काय आहे ते आधी पाहावे, हा धडा उत्तम. परंतु अंतिम परीक्षा म्हणून हाच गुरू एका बांधलेल्या कैद्याचा शिरच्छेद करायला सांगतो, आणि ह्या वेळी थांबण्याचा विवेक दाखवावा लागतो तो शिष्याला.

‘डॉक्टर स्ट्रेंज’चे हिमालयाशी नाते थोडे अधिक खरे आहे, म्हणून मी काठमांडूला गेलो. एप्रिल २०१५ च्या भूकंपाने ते खोरे उद्ध्वस्त केले, आणि त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात स्कॉट डेरिकसन तेथे छायाचित्रक घेऊन उतरले. स्वयंभूनाथ, पशुपतिनाथ, ठमेलच्या गल्ल्या आणि पाटणचा दरबार चौक चित्रपटात आले. पाटणच्या त्या चौकात सिद्धिनरसिंह मल्लांचे १६३७ चे पाषाणी कृष्णमंदिर भूकंपातही उभे राहिले, शेजारची हरिशंकर आणि चारनारायण ही मंदिरे कोसळली, आणि त्यांच्या पुनर्बांधणीचे काम स्थानिक नेवार सुतार-पाथरवटांनी पुढे वर्षानुवर्षे चालवले. चौकात भेटलेला तरुण वाटाड्या तक्रारवजा हसत म्हणाला की परदेशी पाहुण्यांना मंदिराचा इतिहास ऐकायचा नसतो; त्यांना ते दार पाहायचे असते, ज्याच्या बाहेर डॉक्टर स्ट्रेंज तासन्‌तास बसून राहतो. ते दार तेथे नाही. आश्रमाचा अंतर्भाग इंग्लंडातल्या स्टुडिओत उभारलेला होता. मग तो काय करतो? जवळच्या एका बहालाचे, म्हणजे नेवारी वाड्याचे, जुने कोरीव दार दाखवतो, पाहुणे पायरीवर बसून छायाचित्र काढून घेतात, आणि दारामागे राहणारी आजी कपडे वाळत घालायला बाहेर आली की सर्वांना उठावे लागते.

त्या दाराचे महत्त्व मात्र खरे आहे. स्ट्रेंज हा न्यूयॉर्कचा अत्यंत निष्णात आणि तितकाच उन्मत्त शल्यचिकित्सक. मोटार अपघातात त्याचे हात निकामी होतात, आणि सारी पुंजी संपवून तो बरे होण्यासाठी येथे येतो. टिल्डा स्विंटन ह्यांनी साकारलेली ‘एन्शंट वन’ त्याला विश्वाचे दर्शन घडवते, तो गुडघे टेकून शिकवण्याची याचना करतो, आणि ती एका शब्दात नकार देऊन त्याला रस्त्यावर काढते. दार उघडते ते त्याची मिजास उतरल्यावर. पुढे विद्या जमेना तेव्हा ती त्याला एव्हरेस्टवर नेऊन सोडते: परतीचे द्वार स्वतः उघड, नाही तर गोठून मर. ही परीक्षा आपल्या तालमीतल्या कोणत्याही वस्तादाला पटण्याजोगी आहे.

मूळ चित्रकथेतला हा गुरू तिबेटी वृद्ध होता. चित्रपटात तो केल्टिक वंशाची स्त्री झाला. पटकथालेखकांपैकी सी. रॉबर्ट कार्गिल ह्यांनी तिबेटचा उल्लेख केल्यास चीनचा रोष ओढवेल ह्या भीतीचा उघड निर्देश केला, निर्मात्यांनी वेगळी कारणे दिली, आणि आशियाई नटांना डावलल्याचा आरोप बरीच वर्षे गाजला. स्विंटनबाईंचा अभिनय नितळ आहे ह्यात वाद नाही. पण काठमांडूच्या गल्लीबोळांतून फिरताना, ज्या माणसांच्या भूमीवर हे सारे ज्ञान असल्याचे सांगितले जाते त्यांच्या वाट्याला पडद्यावर गर्दीतली जागाच आली, हे खटकल्यावाचून राहत नाही.

कथेच्या अंगाने पाहता ह्या गुरूचा खरा दोष निराळा आहे. शिष्यांना निषिद्ध ठरवलेल्या तमोलोकातून ती स्वतः आयुष्य वाढवण्यासाठी शक्ती ओढत असते. हे कळल्यावर स्ट्रेंज हेलावतो, पण सांभाळून घेतो. मोर्डो हा तिचा एकनिष्ठ शिष्य मात्र कायमचा तुटतो. नियमाला चिकटून राहणारा शिष्य गुरूच्या नियमभंगाने उद्ध्वस्त व्हावा आणि नियम वाकवणारा तरून जावा, हा प्रकार शाळा-आश्रमांत वावरलेल्या कोणालाही ओळखीचा वाटेल.

योगी, मिगेल आणि पाठुंगळीचे पोर

२००४ साली स्पायडरमॅनचा भारतीय अवतार चित्रकथेत आला. शरद देवराजन, सुरेश सीतारामन आणि जीवन कांग ह्यांनी घडवलेला हा पवित्र प्रभाकर खेड्यातून मुंबईत शिकायला येतो, त्याच्या काकाचे नाव भीम, आणि त्याला कोळी चावत नाही. एक प्राचीन योगी त्याला शक्ती देतो. अमेरिकेतला अपघात भारतात येताच अनुग्रह झाला. आपल्या वाचकाला बळ असे उगाच येते हे पटणार नाही, ते कोणी तरी दिलेलेच असले पाहिजे, असे निर्मात्यांना वाटले असावे, आणि त्यांचा तर्क चुकीचा होता असे म्हणवत नाही.

हाच पवित्र २०२३ च्या ‘अॅक्रॉस द स्पायडर-व्हर्स’मध्ये ‘मुंबॅटन’ नावाच्या नगरीत भेटतो. हा चित्रपट आपल्याकडे दहा भाषांत लागला, त्यांत मराठीही होती. त्यातला गुरू मिगेल ओहारा ह्याने असंख्य विश्वांतल्या स्पायडरमॅनांचे जणू एक दफ्तरच उघडले आहे. प्रत्येकाच्या आयुष्यात काही दुःखे घडलीच पाहिजेत, कोणाचा तरी काका आणि कोणी तरी पोलीस अधिकारी मेलाच पाहिजे, नाही तर विश्व कोसळते, असा त्याचा दंडक. आणि चित्रपटाचा नायक असलेल्या किशोरवयीन माइल्सचे वडील लवकरच पोलीस कप्तान होणार आहेत. बेन काकाच्या मृत्यूची जी अट १९६२ पासून निमूट पाळली गेली, तिला येथे प्रथमच नियमावलीचे रूप मिळते, आणि प्रथमच एक विद्यार्थी तिच्यावर सही करण्यास नकार देतो. अंधेरीच्या काकांचे तिन्ही नकार मिगेलच्या तोंडी आहेत. त्यांतली काळजी तेवढी नाहीशी झाली आहे.

माइल्सचा पहिला गुरू पीटर बी. पार्करही त्या वेळी मिगेलच्या बाजूने उभा असतो. २०१८ च्या आधीच्या भागात पोट सुटलेला, घटस्फोटित, ढगळ विजार घालून हिंडणारा हा इसम माइल्सला शिकवायला मुळीच राजी नव्हता. अखेरच्या लढाईला तू अजून तयार नाहीस म्हणून त्याने त्याला खुर्चीला जखडून ठेवले होते, आणि तो निर्णय त्या क्षणी बरोबरही होता. आता त्याच्या अंगावर तान्ही मुलगी बांधलेली आहे. पळत्या माइल्सला गाठून तो सांगतो की तुझ्याकडे पाहूनच मला मूल व्हावेसे वाटले. पण माइल्स थांबत नाही, सर्वांच्या हातून निसटतो, आणि चुकून भलत्याच विश्वात जाऊन पडतो, जेथे त्याचा स्वतःचाच दुष्ट प्रतिरूप त्याला बांधून ठेवतो. चित्रपट तेथेच अर्धवट थांबतो. अगदी शेवटी त्याची मैत्रीण ग्वेन त्याला शोधायला निघते, तेव्हा मिगेलचा हुकूम धाब्यावर बसवून तिच्याबरोबर जाणाऱ्या मोजक्या मंडळींत पवित्र आहे, आणि पोर अंगावर बांधून निघालेला पीटर बी. पार्करही आहे.